सहा केबलचं अंतर : व्हाइस ॲडमिरल जॉर्ज ट्रायन यांचं प्रकरण

२२ जून १८९३, गुरुवार. ठिकाण त्रिपोलीसमोरचा समुद्र. लिबियातलं त्रिपोली नव्हे, लेबनॉनच्या किनाऱ्यावरचं. हवा स्वच्छ, पाणी शांत, शत्रू कुठेच नाही. अशा दुपारी ब्रिटिश आरमाराच्या भूमध्य समुद्री ताफ्यातल्या 'कॅम्परडाउन' या युद्धनौकेने त्याच ताफ्याच्या प्रमुख नौकेला, 'व्हिक्टोरिया'ला, धडक दिली. 'व्हिक्टोरिया' सुमारे तेरा मिनिटांत बुडाली. ३५८ जण गेले, ३५७ वाचले. गेलेल्यांत ताफ्याचे सेनापती व्हाइस ॲडमिरल सर जॉर्ज ट्रायन होते. ज्या हुकुमामुळे ही धडक झाली, तो हुकूमही त्यांचाच.

हे प्रकरण सहसा एका ओळीत उरकलं जातं: हेकट वरिष्ठ, भित्रे कनिष्ठ, कोणी तोंड उघडलं नाही. चौकशीतल्या साक्षी पाहिल्या की ही ओळ टिकत नाही. तोंड उघडलं गेलं होतं, एकाने नव्हे, तिघाचौघांनी. एकदा तर ॲडमिरलनी ते ऐकून होकारही दिला होता. तरीही जहाज बुडालं. हा 'तरीही' समजून घ्यायचा तर आधी माणूस पाहायला हवा.

पार्श्वभूमी : ट्रायन कोण होते

जन्म ४ जानेवारी १८३२, नॉर्दम्प्टनशर परगण्यातल्या जमीनदार घराण्यात. शिक्षण ईटनला. १८४८मध्ये आरमारात भरती, म्हणजे त्या काळच्या मानाने जरा उशिराच. बहुतेक मुलं तेराव्या-चौदाव्या वर्षीच जहाजावर चढत. क्रिमियाच्या युद्धात आरमारी तुकडीबरोबर जमिनीवर लढले. ब्रिटनची पहिली लोखंडी चिलखती युद्धनौका 'वॉरियर' नवीन होती, तेव्हा तिच्यावर कमांडर होते.

त्यांची खरी कर्तबगारी दिसली ती लढाईत नव्हे, व्यवस्थेत. १८६७-६८च्या ॲबिसिनिया (आजचा इथिओपिया) मोहिमेचं सैन्य मुख्यतः मुंबईहून गेलं. मुंबई इलाख्याच्या सैन्याचे सरसेनापती रॉबर्ट नेपियर मोहिमेचे प्रमुख होते. माणसं, खेचरं, तोफा, दाणागोटा आणि चक्क ४४ हत्ती तांबड्या समुद्रातल्या ॲन्स्ली उपसागरात उतरवायचे होते. तिथल्या वाहतूक जहाजांचा कारभार ट्रायन यांच्याकडे होता. उन्हाने भाजणारा किनारा, गोड्या पाण्याची टंचाई आणि शेकडो जहाजांची गर्दी. तिथे त्यांनी नाव कमावलं आणि प्रकृतीही बिघडवून घेतली.

पुढची चढण सरळ होती: नौदल मंत्र्यांचे खासगी सचिव, 'रॅली' आणि 'मोनार्क' या नौकांचे कप्तान, १८८२मध्ये ॲडमिरल्टीचे, म्हणजे आरमाराचा कारभार पाहणाऱ्या खात्याचे, सचिव, १८८४ ते १८८७ ऑस्ट्रेलियाच्या ठाण्याचे सेनापती. १८८८च्या सरावात ते 'शत्रू'च्या बाजूला होते. तेव्हा नाकेबंदी चुकवून लिव्हरपूलपर्यंत धडकले आणि नियम घोकून बसलेल्यांची फजिती केली. सप्टेंबर १८९१मध्ये भूमध्य समुद्री ताफा त्यांच्या हाती आला. ब्रिटिश आरमारात समुद्रावरची याहून मानाची नेमणूक नव्हती.

धिप्पाड देह, दाढी, भारदस्त आवाज. कामाबाहेर गप्पिष्ट, पाहुणचार करणारा माणूस. कामावर मात्र त्यांच्यापुढे उभं राहताना कप्तानांनाही दडपण येई. 'व्हिक्टोरिया'चे कप्तान मॉरिस बर्क यांनी नंतर साक्षीत सांगितलं की ॲडमिरलना वादचर्चा आवडत असे, पण शिस्तीला ते फार कडक होते. या दोन गोष्टी एकाच माणसात असल्या की हाताखालच्यांची पंचाईत होते. आत्ता चर्चेची वेळ आहे की हुकमाची, हे ओळखायचं कसं?

एक विरोधाभास इथेच सांगून ठेवतो. आरमार आंधळ्या आज्ञापालनात अडकलं आहे, ही तक्रार त्या काळात कोणी सर्वांत हिरिरीने केली असेल तर ती ट्रायन यांनी. त्या वेळच्या संकेतपुस्तकात झेंड्यांच्या असंख्य जुळण्या होत्या. प्रत्येक हालचालीसाठी झेंडे चढवायचे, प्रत्येक जहाजाने तेच झेंडे चढवून 'समजलं' म्हणायचं, मग झेंडे उतरले की हालचाल सुरू. लढाईच्या धुरात, तोफांनी डोलकाठ्या उडालेल्या असताना हे चालणार कसं, असं ट्रायन विचारत. त्यांनी 'टीए' नावाची पद्धत आणली. ती दोन अक्षरं फडकली की अर्थ एवढाच: माझ्या जहाजाकडे लक्ष ठेवा, मी संकेत न देता वळेन, तुम्ही डोकं वापरून मागे या. कप्तानांनी स्वतः विचार करावा म्हणून ते सरावात मुद्दाम अवघड, आधी न सांगितलेल्या चाली टाकत. आणि त्या चालींचा उलगडा शेवटपर्यंत स्वतःपाशी ठेवत.

म्हणजे विचार करा असं सांगायचं, पण विचार करायला लागणारी माहिती द्यायची नाही. माझ्या मते या प्रकरणाचं बी इथे आहे, त्या दुपारच्या चुकीत नाही.

अडचण : एक साधी चाल आणि तिचं गणित

ताफा सकाळी बैरूतहून निघाला. मुख्य अकरा जहाजांच्या दोन समांतर रांगा करायच्या होत्या: उजवीकडची सहा जहाजांची, पुढे 'व्हिक्टोरिया', डावीकडची पाच जहाजांची, पुढे 'कॅम्परडाउन', तिच्यावर दुसऱ्या क्रमांकाचे अधिकारी रिअर ॲडमिरल अल्बर्ट मार्कम. ट्रायन यांच्या मनात होतं की दोन्ही रांगांनी एकमेकींच्या दिशेने, आतल्या बाजूला, वळून पूर्ण उलट तोंड करायचं आणि मग ठरल्या जागी नांगर टाकायचा. वळून झाल्यावर रांगांमध्ये दोन केबलचं अंतर उरावं. दिसायला देखणी चाल.

केबल म्हणजे सागरी मैलाचा दहावा भाग, सुमारे १८५ मीटर. नेहमीच्या सुकाणूने वळताना 'व्हिक्टोरिया' किंवा 'कॅम्परडाउन'सारख्या नौकेला जवळपास चार केबल व्यासाचं वर्तुळ लागे. सुकाणू पुरतं दाबलं तर तीन केबल. दोन्ही जहाजं आत वळणार, तेव्हा हे दुप्पट करायचं. वर शेवटी उरायला हवेत ते दोन केबल. म्हणजे सावधपणे वळायचं तर दहा केबल हवेत, अगदी ताणून आठ. सहा केबलमध्ये सुकाणू पुरतं दाबूनही जहाजं एकमेकांना घासतील, इतकं हे गणित उघड आहे. ताफ्यातल्या कुठल्याही शिकाऊ मिडशिपमनला ते आलं असतं.

निर्णयाचे टप्पे

दुपारी दोनच्या सुमारास ट्रायन यांनी कप्तान बर्क आणि जहाजाचे मार्गदर्शन अधिकारी हॉकिन्स-स्मिथ यांना केबिनमध्ये बोलावून बेत सांगितला. रांगांमध्ये सहा केबल अंतर ठेवू, म्हणाले. हॉकिन्स-स्मिथ लगेच बोलले: सर, निदान आठ तरी लागतील. ॲडमिरल म्हणाले: होय, आठच ठेवू.

इथे प्रकरण संपायला हवं होतं. प्रश्न योग्य माणसाने, योग्य वेळी, आकड्यासकट विचारला होता. उत्तरही बरोबर मिळालं होतं.

थोड्या वेळाने ट्रायन यांनी झेंड्यांचे अधिकारी लॉर्ड गिलफर्ड यांना रांगा सहा केबलवर आणण्याचा संकेत द्यायला सांगितलं आणि कागदावर ६ हा आकडा दिला. झेंडे चढलेले पाहून हॉकिन्स-स्मिथ चमकले. त्यांनी गिलफर्ड यांना खात्री करायला परत पाठवलं. केबिनमध्ये त्या वेळी बर्कही होते. 'व्हिक्टोरिया'चं वळणाचं वर्तुळ चार केबलचं आहे, याची आठवण त्यांनी ॲडमिरलना करून दिली. उत्तर आलं: सहाच राहू द्या.

आता तिघांच्या मनात शंका होती आणि तिघांनीही ती बोलून दाखवली होती. मग पुढचा सव्वा तास काय झालं? काही नाही. ताफा सहा केबलवर चालत राहिला. प्रत्येकाने आपली शंका वर पोचवली, वरून उत्तर आलं आणि शंकेची जबाबदारीही वरच गेली. आठ म्हणाले होते ते सहा का झाले, हा प्रश्न मात्र कोणी विचारला नाही. 'सहा पुरतील का' आणि 'मघाशी आठ ठरलं होतं, बदललं का' हे दोन वेगळे प्रश्न आहेत. पहिला माणसाच्या निर्णयाला हात घालतो. दुसरा फक्त त्याच्या स्मरणाला. दुसरा विचारायला सोपा होता, आणि तोच राहून गेला.

साडेतीनच्या सुमारास वळण्याचा संकेत चढला. अशा चालीसाठी संकेतपुस्तकात एकच तयार जुळणी नव्हती, म्हणून दोन रांगांना दोन वेगळे संकेत: दुसऱ्या रांगेने एकामागून एक उजवीकडे १६ पॉइंट, म्हणजे १८० अंश, वळावं, पहिल्या रांगेने तसंच डावीकडे, ताफ्याचा क्रम कायम राखून.

'कॅम्परडाउन'वर मार्कम यांनी संकेत वाचला आणि हे अशक्य आहे असं ते उघड म्हणाले. त्यांनी उत्तराचा झेंडा अर्ध्यावरच ठेवला. आरमारी भाषेत त्याचा अर्थ: संकेत दिसला, पण उमगला नाही. सेमाफोरने (हातांच्या ठरावीक खुणांनी एकेक अक्षर कळवण्याची पद्धत) विचारणा करायलाही त्यांनी सांगितलं. ती जाण्याआधीच 'व्हिक्टोरिया'वरून त्यांना सेमाफोर आला: कशाची वाट पाहता आहात?

साऱ्या ताफ्यासमोर हा जाहीर ठपका होता. मार्कम काही लेचापेचा माणूस नव्हे. १८७६मध्ये उत्तर ध्रुवाच्या दिशेने बर्फावरून तोवरच्या कोणाहीपेक्षा पुढे गेलेली तुकडी त्यांची होती. (न्यूझीलंडचा आजचा ध्वज बेतला तोही यांनीच, प्रकरणाशी संबंध नाही, पण माणूस कळायला बरं.) पण बर्फापुढे न डगमगणारा माणूस त्या एका प्रश्नापुढे डगमगला. डोक्याने लगेच एक सोयीची वाट शोधली: ॲडमिरल बहुधा आपल्या रांगेला बाहेरून वळसा घालून नेणार असतील, आपण आतून वळायचं. असं काही कोणी म्हटलं नव्हतं. ट्रायन यांच्यासारखा जाणता माणूस चुकणार नाही, तेव्हा हुकूम बरोबर ठरेल असा अर्थ आपणच शोधायचा, एवढाच त्यामागचा तर्क. झेंडा पूर्ण चढला. दोन्ही जहाजं आत वळली.

मग शेवटची काही मिनिटं. बर्क ब्रिजवर ट्रायन यांच्या शेजारी होते. आपण त्या जहाजाच्या फार जवळ जाणार, असं ते म्हणाले. एका बाजूचं यंत्र उलटं फिरवायची परवानगी मागितली, उत्तर नाही. पुन्हा मागितली. तिसऱ्यांदा मागितल्यावर होकार आला. ट्रायन यांची नजर तोवर मागच्या जहाजाकडे होती. मग ते वळून मार्कम यांना ओरडले: मागे घ्या, मागे घ्या! ३ वाजून ३४ मिनिटांनी 'कॅम्परडाउन'चा पाण्याखालचा पोलादी रॅम (शत्रूचं जहाज फोडायला पुढे काढलेली सोंड) 'व्हिक्टोरिया'च्या उजव्या बाजूला, नाळेजवळ म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाजवळ, सुमारे पावणेतीन मीटर आत घुसला. 'कॅम्परडाउन' मागे सरली तसं भगदाड आणखी रुंदावलं.

समोर असलेले पर्याय

दोनपासून साडेतीनपर्यंत निदान पाच वाटा मोकळ्या होत्या. रांगा आठ-दहा केबलवर नेणं ही पहिली, ती तर तोंडी ठरलीच होती. आत वळण्याऐवजी बाहेर वळून नंतर रांगा जवळ आणणं ही दुसरी; देखणेपणा कमी, धोका शून्य. सर्व जहाजांनी एकामागून एक न वळता एकाच क्षणी जागच्या जागी वळणं, किंवा आधी एक रांग वळवून मग दुसरी वळवणं, याही चाली आरमाराला रोजच्या होत्या. पाचवी वाट कनिष्ठांची: झेंडा अर्ध्यावरच ठेवून स्वस्थ राहायचं. एका रांगेने 'समजलं' म्हटल्याशिवाय चाल सुरूच होत नाही. ठपका आला असता, जहाज वाचलं असतं.

ट्रायन यांनी सहाचा हट्ट का धरला, याची कारणं सव्वाशे वर्षं शोधली जात आहेत. वर्तुळाचा व्यास म्हणायचं तिथे त्रिज्या धरली आणि निम्मं अंतर हिशेबात आलं, हे एक. मार्कम यांना वाटला तो बाहेरचा वळसा खरंच मनात होता, हे दुसरं. मला पहिलं पटतं, कारण बाहेरचा वळसा मनात असता तर शेवटच्या क्षणी जहाज आतच वळत राहिलं नसतं. पण मन वाचता येत नाही, आणि या अभ्यासापुरती त्याची गरजही नाही. चूक कुठूनही आली असो, ती पकडायला सव्वा तास आणि चार अनुभवी माणसं होती.

धडकेनंतर

इथेही निर्णय झाले, ते कमी चर्चिले जातात. भगदाड मोठं होतं, पण जहाज बुडायला तेवढंच पुरेसं नव्हतं. उकाड्यामुळे पाणी अडवणारी दारं आणि झरोके उघडे होते. ती दारं बंद करायला तीनेक मिनिटं लागत. हुकूम सुटला तो धडकेच्या जेमतेम मिनिटभर आधी. 'व्हिक्टोरिया'चा पुढचा डेक मुळातच पाण्याजवळ होता, त्यात पुढे ४१३ मिलिमीटर व्यासाच्या दोन अजस्र तोफांचा बुरूज. नाळ खाली गेली तसं पाणी डेकवरून वाहत बुरुजाच्या आणि दारांच्या उघड्या भोकांतून आत शिरू लागलं. दारं, झरोके बंद असते तर 'व्हिक्टोरिया' उलटली नसती, असा निष्कर्ष नंतर आरमाराच्या बांधणी विभागाचे प्रमुख विल्यम व्हाइट यांनी काढला.

ट्रायन यांना मात्र जहाज किनाऱ्यापर्यंत पोचेल असं वाटलं. त्यांनी यंत्रं चालू ठेवून किनाऱ्याकडे तोंड वळवलं. पुढे जाणारं जहाज आणखी पाणी पितं. इतर नौकांनी मदतीला होड्या सोडायची तयारी केली होती. त्यांना थांबवायचा संकेत गेला. खालचे यंत्रकामगार जागीच राहिले. डेकवरचे खलाशी रांगांत उभे होते आणि सुटका होईपर्यंत रांग मोडली नाही. ब्रिटनमध्ये या शिस्तीचं फार कौतुक झालं. जहाज उलटं होऊन, फिरत्या पंख्यांसह, नाळेवर बुडालं. त्याआधी ब्रिजवर ट्रायन म्हणाले की हा सगळा माझाच दोष. हॉकिन्स-स्मिथ वाचले आणि त्यांनी ते साक्षीत सांगितलं. माल्टा तापाने फणफणलेले एक कमांडर अंथरुणातून उठून आले होते, तेही वाचले. त्यांचं नाव जॉन जेलिको. १९१६च्या जटलंडच्या लढाईत ब्रिटिश ताफ्याचे सेनापती तेच होते.

मागून येणारी 'नाइल' आणि 'एडिनबरा' ही जहाजं कप्तानांच्या प्रसंगावधानाने धडकेतून निसटली. त्यांना तसं करायला कोणी हुकूम दिला नव्हता.

निकाल आणि परिणाम

जुलैमध्ये माल्टाच्या बंदरात 'हायबर्निया' जहाजावर कोर्ट मार्शल भरलं. आरमाराच्या रीतीप्रमाणे जहाज गमावलं म्हणून आरोपी बर्क आणि वाचलेले सर्वजण. अध्यक्ष सर मायकेल कल्म-सीमोर, म्हणजे ट्रायन यांच्या जागी आलेले सेनापती. निकाल: धडक ट्रायन यांच्या हुकुमामुळे झाली, बर्क निर्दोष. मार्कम यांच्याबद्दलचं वाक्य मोठं कसबी आहे. सेमाफोरने शंका विचारायचा पहिला विचार त्यांनी अमलात आणला नाही याची खंत वाटते. पण समक्ष हजर असलेल्या सेनापतीचा हुकूम पाळला म्हणून त्यांना दोष देणं सेवेच्या हिताला घातक ठरेल.

न्यायालयाची अडचण समजते. हुकूम मोडायला हवा होता असं लिहिलं तर उद्या प्रत्येक कप्तान हुकूम तपासत बसेल. म्हणून त्यांनी दोन्ही बाजूंना अर्धं अर्धं दिलं, आणि पुढच्या मार्कमने काय करायचं हे सांगितलंच नाही.

सर्वांत चुकीचा धडा 'टीए'च्या बाबतीत घेतला गेला. पद्धतीचा जनक गेला, पद्धतही बाजूला पडली. बघा, नियम सोडले की काय होतं, असं तिचे विरोधक म्हणाले. प्रत्यक्षात त्या दुपारी 'टीए' वापरात नव्हतीच. झेंडे चढले, उत्तरं आली, झेंडे उतरले, सगळं जुन्या पुस्तकाबरहुकूम. धडक झाली ती संकेत पाळून. वाचलेल्या 'नाइल' आणि 'एडिनबरा' संकेतावाचून वाचल्या.

काय वेगळं करता आलं असतं

दारांचा मुद्दा आधी, कारण तो स्वस्त आहे. अवघड चाल करण्यापूर्वी पाणी अडवणारी दारं बंद, हा स्थायी हुकूम असता तर कोणाला कोणाशी वाद घालायची गरज नव्हती. चूक झाली असती, चौकशी झाली असती, बहुतेक माणसं जिवंत असती.

ट्रायन यांनी बेत केबिनमध्ये दोघांना सांगितला, मार्कम यांना नाही. चालीचं चित्र एका कागदावर काढून 'कॅम्परडाउन'वर पाठवायला बैरूतमध्ये भरपूर वेळ होता. चित्र काढताना वर्तुळं एकमेकांवर आली असती आणि कदाचित ट्रायन यांनाच ते दिसलं असतं.

केबिनमध्ये आठ हा आकडा ठरला तेव्हा तो कोणी लिहून घेतला नाही; पुढचा लिहिलेला आकडा थेट सहा होता. झेंडे चढलेले पाहून हॉकिन्स-स्मिथ यांनी गिलफर्ड यांना परत पाठवलं, स्वतः गेले नाहीत. निरोप्या शंका नेतो, तिच्यामागचं कारण नेत नाही.

आणि मार्कम यांचा न गेलेला सेमाफोर. निकालात त्याची खंत आहे, त्यामुळे तो गेला असता तर अपघात टळला असता असं सगळे धरून चालतात. मला खात्री वाटत नाही. त्यांनी पाठवायला सांगितलेल्या विचारणेचा आशय साधारण असा होता: सध्या फडकणाऱ्या संकेताप्रमाणेच रांगांनी वळायचं, अशी आपली इच्छा आहे असं समजू का? कशाची वाट पाहता म्हणणाऱ्या माणसाकडून याला 'होय' याखेरीज दुसरं उत्तर येणं कठीण. त्या प्रश्नात सहा नव्हते, वर्तुळ नव्हतं, धडक नव्हती. होती फक्त परवानगी. जायला हवा होता तो निरोप याहून लहान होता: सहा केबलमध्ये माझं जहाज वळत नाही.